हैतीची रिळं

हैतीचं नाव काढलं की लोकांना झोंबी आठवतो. हॉलिवूडनं १९३२ साली ‘व्हाइट झोंबी’ काढला तेव्हा त्या देशावर अमेरिकन फौज बसली होती, १९१५ ते १९३४. देश बंदुकीखाली दाबायचा, त्याच्या देवाधर्माचा बागुलबुवा करायचा आणि वर तिकिटं विकायची. चोख धंदा.

ज्या गुलामांनी १७९१ ला बंड केलं, १८०४ ला फ्रेंच मालक हाकलून स्वतःचं राज्य उभारलं, त्यांचा धर्म व्होडू. १९४१-४२ ला चर्च नि सरकारनं मिळून त्यांचे ढोल जाळले, पूजेची झाडं तोडली. देव ठेवायचा की फेकायचा ते ज्याचं त्यानं ठरवावं. पाद्री नि फौजदार कोण?

१९४७ ला माया डेरेन कॅमेरा घेऊन तिथं उतरली. कीवमध्ये जन्मलेली ज्यू बाई, न्यूयॉर्कची प्रयोगी सिनेमावाली. तिच्याआधी काळी नर्तकी कॅथरीन डनहॅम १९३५-३६ ला हैतीत राहून आली होती. माया पुढं तिचीच सेक्रेटरी झाली, हे लोक सोयीनं विसरतात. १९५४ पर्यंत मायानं सुमारे १८,००० फूट फिल्म घेतली. साधारण आठ तासांचा ऐवज. ढोल बडवणारे हात, जमिनीवर पिठानं काढलेल्या देवांच्या खुणा, अंगात आलेली बाई. आवाज वेगळा टिपला. १९५३ ला पुस्तकही झालं. फिल्म मात्र तिनं पुरी केलीच नाही. कात्री चालवण्यात पटाईत बाई, कलाकृती घडवायला गेली नि समोरचं आधीच घडलेलं आहे हे बघून थबकली. पुस्तकात तसं कबूल केलंय. माझ्या लेखी तिचं सगळ्यात मोठं काम हेच, ते थबकणं.

१९६१ ला ती मेली. पुढं तिचा नवरा तेइजी इतो आणि चेरिल इतो यांनी त्या आठ तासांतून ‘डिव्हाइन हॉर्समेन’ची ५२ मिनिटं काढली. वर पुस्तकातला मजकूर इंग्रजीत बोलवून घेतला. फिल्म बघाच, डोळे फाटतात. पण ढोल रंगात आला की निवेदक समजवायला लागतो, नाचणारा मुकाच. गोदीत पेटीवर मालकाचं नाव छापलेलं असतं, पाठीवर वाहणाऱ्याचं कधी बघितलंय? तशातली गत. रिळंही न्यूयॉर्कच्या संग्रहालयात.

तिनं टिपलं नसतं तर तेवढंही हाती लागलं नसतं, असं कोणी म्हणेल. कबूल. पण जपणं वेगळं, बोलणं वेगळं. १९७५ ला अर्नोल्ड आंतोनिन या हैतीच्या माणसानं, घरी डुवालिएची हुकूमशाही म्हणून परदेशात राहून, ‘आयिती, मेन शिमिन लिबेते’ केली. हैती, हा बघ स्वातंत्र्याचा रस्ता. भाषा क्रेओल, मजुराची. गुलामगिरीपासून डुवालिएपर्यंतचा हिशेब त्यात तो स्वतः मांडतो, दुसऱ्याला सांगू देत नाही.

दोस्तांनो, मिळाली तर ती आधी बघा. माया डेरेन नंतर.