मुका कोण, बहिरा कोण?

स्मरणिकेचा हा अंक वाचक बंधू-भगिनींच्या हाती देताना एका काल्पनिक विद्यापीठाचा विचार मनात घोळत आहे. जगात कायद्याची, शेतीची, वैद्यकाची विद्यापीठे आहेत. मग केवळ मौनाचा अभ्यास करणारे विद्यापीठ का नसावे? कोण गप्प आहे, कशामुळे गप्प आहे आणि त्याच्या गप्प राहण्याचा लाभ कोणाला होतो, एवढे तीन प्रश्न तेथील पहिल्या वर्षाच्या अभ्यासक्रमाला पुरेसे होतील. काहींना ही कल्पना हास्यास्पद वाटेल. परंतु आपण ज्या एडिनबरा नगरीत राहतो, तिच्या इतिहासात या तिन्ही प्रश्नांची उत्तरे दडलेली आहेत.

होलीरूड उद्यानाच्या कडेचा डंबीडाइक्स हा भाग आपल्यापैकी अनेकांच्या परिचयाचा आहे. याच परिसरात टॉमस ब्रेडवुड यांची कर्णबधिर मुलांची शाळा होती. 1760 साली या नगरीत सुरू झालेली ही शाळा ब्रिटनमधील आपल्या प्रकारची पहिली शाळा मानली जाते. इंग्रजी भाषेचे थोर कोशकार सॅम्युएल जॉन्सन यांनी 1773 मध्ये तिला भेट दिली. त्यांनी एका मुलीपुढे गुणाकाराचे उदाहरण ठेवले. तिने क्षणभर बोटांची चपळ हालचाल केली आणि उदाहरण अचूक सोडविले. ती हालचाल कौशल्याची होती की नुसता खेळ होता, हे आपणांस कळले नाही, असे जॉन्सन यांनी प्रांजळपणे लिहून ठेवले आहे. एका भाषेचे सारे शब्द पारखणाऱ्या विद्वानाला डोळ्यांपुढची बोटे बोलत आहेत की काय, हे उमगू नये, यातच पुष्कळ काही आले.

वैद्यकाचा विद्यार्थी म्हणून एक गोष्ट येथे सांगणे अगत्याचे आहे. जन्मतः बहिऱ्या असलेल्या बालकाचा कंठ बहुधा निरोगीच असतो. शब्द कानी न पडल्यामुळे त्याची वाणी फुटत नाही. त्याच बालकाला लहानपणीच खुणांची भाषा मिळाली, तर त्याची बुद्धी इतर कोणत्याही मुलासारखी बहरते. म्हणजे उणीव बुद्धीची कधीच नसते; उणीव असते ती त्याच्यापर्यंत पोहोचणाऱ्या भाषेची.

परंतु ब्रेडवुड घराण्याने आपली अध्यापनपद्धती गुप्त ठेवली. अमेरिकेतील टॉमस हॉपकिन्स गॅलॉडेट 1815 मध्ये ही विद्या शिकण्यासाठी ब्रिटनमध्ये आले, एडिनबऱ्यासही आले. येथील शिक्षक मात्र ती पद्धती कोणास न सांगण्याच्या कराराने बांधले गेले होते. विद्येला कुलूप घालून किल्ली घराण्याच्या कनवटीला लावण्याची ही रीत आपणांस नवी नाही! गॅलॉडेट रिकाम्या हाताने पॅरिसला गेले. तेथील संस्थेने आपले दार मोकळेपणाने उघडले. तेथील कर्णबधिर शिक्षक लॉरां क्लेर यांना बरोबर घेऊन ते परतले आणि 1817 मध्ये हार्टफर्ड येथे शाळा उभी राहिली. पुढे गॅलॉडेट यांच्या पुत्राच्या नेतृत्वाखाली वॉशिंग्टनमध्ये जी संस्था वाढली, तिला 1864 मध्ये पदव्या देण्याचा अधिकार मिळाला. तेच आजचे गॅलॉडेट विद्यापीठ. तरीही तेथे कर्णबधिर अध्यक्ष येण्यास 1988 साल उजाडावे लागले आणि त्यासाठी विद्यार्थ्यांना विद्यापीठाची दारे अडवावी लागली. विद्या मिळाली, तरी आपल्या वतीने बोलण्याचा अधिकार आपोआप मिळत नाही, हा त्यातील धडा आहे.

वैद्यकशास्त्रात बहिरेपण आणि मुकेपण एकाच देहात नांदतात. समाजपुरुषाच्या देहात मात्र बहिरा असतो एक आणि मुका ठरतो दुसराच. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी 31 जानेवारी 1920 रोजी, छत्रपती शाहू महाराजांच्या साहाय्याने पाक्षिक सुरू केले आणि त्यास 'मूकनायक' हे नाव दिले, तेव्हा हे निदान त्यांनी अचूक केले होते. आपल्या वाडवडिलांना कंठ नव्हता काय? जोत्याखाली उभे राहून घातलेला त्यांचा जोहार ऐकू जात होता. ऐकू जात नव्हती ती त्यांची तक्रार. मूकनायकाने मुक्यांना आवाज दिला, असे आपण म्हणतो. आवाज होताच. त्याने बहिऱ्यांच्या कानावरचा हात काढला.

आणि म्हणूनच एक कबुली दिली पाहिजे. सुमारे वीस वर्षांपूर्वी एक कर्णबधिर महिला आपल्या दहा वर्षांच्या मुलाला दुभाषा म्हणून घेऊन माझ्याकडे आली. आजार गंभीर होता. मी मुलाकडे पाहून प्रश्न विचारीत गेलो. आईच्या दुखण्याची वार्ता त्या कोवळ्या जिवाच्या तोंडून आईला ऐकविली. जाताना तिने कागदावर लिहिले, 'पुढच्या वेळी माझ्याकडे बघून बोला.' जोत्याखाली उभ्या असलेल्यांचा मी वारस. पण त्या दिवशी जोत्यावर मीच उभा होतो.

स्कॉटलंडने 2015 मध्ये ब्रिटिश खुणांच्या भाषेसाठी स्वतंत्र कायदा केला. याच नगरीतील हेरियट-वॉट विद्यापीठात तिचे दुभाषी घडविले जातात. तेव्हा आपल्या संस्थेपुढे दोन सूचना नम्रपणे ठेवतो. पुढील जयंतीच्या सभेस खुणांच्या भाषेचा दुभाषी असावा. आणि आपल्या घरातील जे वृद्ध गावाकडच्या दिवसांचा विषय निघताच गप्प होतात, त्यांच्याजवळ मुलांना बसवावे. त्यांना बोलते करण्याची घाई करू नये, पण ऐकणारे कोणी आहे, एवढे त्यांना दिसू द्यावे. मौनाचे विद्यापीठ उभारण्यास इमारत लागत नाही. त्याचा पहिला वर्ग प्रत्येकाच्या घरात भरू शकतो, आणि त्या वर्गात विद्यार्थी आपणच आहोत.

जयभीम!

– संपादक, एडिनबरा