बिवा कुणाची?

तोरू ताकेमित्सूच्या चित्रपट-संगीताचा विषय निघाला तेव्हा एक सुशिक्षित गृहस्थ मला म्हणाले, "बघा सर, कितीही पाश्चात्त्य शिकला तरी माणूस शेवटी आपल्या मातीकडे परतलाच ना?" म्हणताना त्यांनी माझ्याकडे जरा रोखून पाहिलं. उर्दू आणि मराठी दोन्ही शिकवणाऱ्या माणसाला हे माती-प्रकरण नवं नाही. तेव्हा मी गप्प बसलो. आता बोलतो.

ताकेमित्सूचा जन्म १९३० चा. तो वाढला युद्धाच्या काळात. त्या राजवटीनं जपानी परंपरेचा असा काही डंका पिटला, की युद्ध संपल्यावरही कित्येक वर्षं त्याला ते पारंपरिक सूर नकोसे वाटत. चौदाव्या वर्षी लष्कराच्या कामाला जुंपलेला असताना त्यानं एका फ्रेंच गाण्याची तबकडी ऐकली आणि संगीताचं वेड तिथून लागलं. आपल्याच परंपरेची किंमत आपल्याला अमेरिकन संगीतकार जॉन केजमुळे कळली, हे त्यानंच कबूल केलंय. म्हणजे 'मातीकडे' जाणारी वाट अमेरिकेवरून गेली!

आणि ती माती तरी कुठली? त्यानं वापरलेलं बिवा हे तंतुवाद्य, पंख्याच्या आकाराच्या पट्टीनं छेडतात ते, चीनमार्गे जपानात आलं. चार तारांच्या बिवेचं मूळ इराणच्या बर्बतमध्ये सापडतं. अरबांचा ऊद तिचा भाऊबंद. नाराच्या शोसोइन भांडारात आठव्या शतकातली पाच तारांची एक बिवा जपून ठेवलीय. हा पाच तारांचा प्रकार मूळचा भारतातला मानतात. तिच्यावर शिंपल्याच्या नक्षीत एक वादक कोरलाय, उंटावर बसलेला. जपानात उंट कुठले हो?

हे वाचून आपल्यातले काही लगेच खूश होतील, म्हणजे बिवा मूळची आपली! थांबा. बर्बत इस्लामच्या आधीपासून वाजतोय. मालकीचा दाखला आपल्यालाही मिळायचा नाही.

आता ताकेमित्सूनं तिचं केलं काय ते बघा. कोबायाशीच्या 'हाराकिरी'त (१९६२) त्यानं बिवा वापरली. सामुराईंच्या शौर्यगाथा शतकानुशतकं जिच्यावर गायल्या, तीच बिवा इथं त्या शौर्याचं पितळ उघडं पाडणाऱ्या चित्रपटात वाजते. पोटासाठी दारात आलेल्या एका गरीब तरुणाला तो मानी वाडा बांबूच्या तलवारीनं पोट फाडायला लावतो. वाड्यात पूर्वजांचं चिलखत पूजेसारखं मांडलेलं असतं, आत कुणीच नाही. त्या पोराचा सासरा जाब विचारायला येतो, शेवटी ते चिलखत उचलून आपटतो.

मग वाड्यातली माणसं तुकडे गोळा करतात, चिलखत पुन्हा जागेवर बसवतात आणि दप्तरात खोटी नोंद करतात.

त्या गृहस्थांनी हा चित्रपट पाहिलाय म्हणे. बिवा ऐकली असेल, गोष्ट बहुधा नाही.