मुंबई-पुणे-मुंबई, आणि आम्ही?

परवा नांदेडला लेकीकडे गेलो होतो. टीव्हीवर 'मुंबई-पुणे-मुंबई' लागला होता. मुंबईची मुलगी आणि पुण्याचा मुलगा आपापल्या शहराची बढाई मारत भांडत होते. शेजारी बसलेली पाचवीतली नात मला विचारते कशी, "आबा, ह्यात आपल्यासारखं कुणीच कामून बोलंना?"

पस्तीस वर्षे मराठी शिकवलेला मी माणूस, पण उत्तर सुचले नाही. लातूरला परतताना एसटीत जे सुचले ते इथे मांडतो.

आधी हे सांगितले पाहिजे की सतीश राजवाडे माझ्या आवडीचा दिग्दर्शक. हा मुळात नट. अभिनयापासून सुरुवात करून दिग्दर्शनाकडे वळला. २००७ साली सुरू झालेल्या 'असंभव' मालिकेत तर दिग्दर्शन सांभाळून त्याने इन्स्पेक्टरची भूमिकाही केली. ज्याने स्वतः संवाद म्हटले आहेत त्याला कोणते वाक्य जिभेवर अडते ते बरोबर कळते. म्हणून 'अग्निहोत्र' घ्या किंवा २०१२ची 'एका लग्नाची दुसरी गोष्ट' घ्या, त्याची माणसे भाषण ठोकत नाहीत, बोलतात. २०१०चा 'मुंबई-पुणे-मुंबई' तर त्याने दोघांच्या गप्पांवर उभा केला. सोपे काम नाही हे.

माझे भांडण पुढचे आहे. ही सहजता कुणाच्या वाट्याला आली? मुंबईच्या, पुण्याच्या, फार तर नाशिकच्या वाड्यातल्या माणसांच्या. २०१३च्या 'पोपट'मध्ये तो खेड्यातल्या पोरांकडे वळला, पण तो अपवाद. आणि हा दोष एकट्या राजवाडेंचा मुळीच नाही, सगळ्या मराठी मालिकांचा आहे.

आमची बोली पडद्यावर येतच नाही असे नाही. येते, पण हसवायला. २००५च्या 'कायद्याचं बोला'मध्ये मकरंद अनासपुरेंचा वकील याच बोलीत खटला जिंकतो. आम्हीही टाळ्या वाजवल्या. पण पुढच्यांनी त्यातले जिंकणे सोडून दिले आणि हसणे तेवढे उचलले. गडी, शिपाई, गावाकडचा पाहुणा आमच्यासारखे बोलणार. प्रेम करायचे, रडायचे, डॉक्टर व्हायचे तर मात्र प्रमाण भाषा!

"बाकीच्या प्रेक्षकांना कळणार नाही हो," असे एक ठरलेले उत्तर मिळते. मग २०१६ला 'सैराट' कसा कळला? करमाळ्याकडच्या बोलीत आर्ची-परश्या प्रेमात पडले आणि सगळा महाराष्ट्र रडला. कुणी शब्दकोश घेऊन थिएटरात गेले होते का?

आता माझे पाप सांगतो. वर्गात एक पोरगा मित्राला "काय करूलालास?" म्हणाला. मी त्याला उभे करून "काय करतो आहेस?" असे तीनदा म्हणायला लावले. वर्ग हसला, मीही हसलो. त्यानंतर वर्षभर तो पोरगा माझ्या तासाला आपणहून बोलला नाही. मी शुद्ध भाषा शिकवत होतो की त्याचे तोंड बंद करत होतो, हा प्रश्न मला निवृत्तीनंतर पडला. उशिराच म्हणायचा. पण माझ्या वर्गात साठ पोरे होती. मालिकेचा वर्ग अख्खा महाराष्ट्र आहे.

राजवाडेंकडे पुढे 'स्टार प्रवाह'ची धुरा आली. कोणत्या मालिका घरोघरी जाव्यात हे अशाच खुर्चीत ठरते. तिथे बसणाऱ्यांकडे मी मराठवाड्याचा कोटा मागत नाही. लातूरच्या पोराने नांदेडच्या पोरीला मनातले आपल्या बोलीत सांगावे आणि तेव्हा मागे हसण्याचे संगीत वाजू नये, एवढेच मागतो.

असो. नातीला अजून उत्तर दिलेले नाही. पुढच्या खेपेला मात्र ती "कामून" म्हणाली की मी दुरुस्त करणार नाही.