हप्ता विचारतो, एकूण किती ते कोण विचारणार?



मागच्या महिन्यातली गोष्ट. कारंजाच्या काठावर काट्यापाशी माशांचं वजन चाललं होतं. आपल्यातलाच एक तरुण सभासद मोबाईल दाखवत आला. भालकीला घर बांधायचं ठरलंय, दहा लाखांचं कर्ज मंजूर होतंय म्हणाला. चेहऱ्यावर आनंद मावत नव्हता. बाजूला बसलेल्या मामांनी विचारलं, "हप्ता किती बसतोय?"

"नऊ हजाराला तीन रुपये कमी, मामा. वीस वर्षं."

"मग जमतंय की," मामा म्हणाले. विषय संपला.

मी विचारलं, "एकूण किती भरणार तू?" तो म्हणाला, "ते काय विचारलं नाही अण्णा. हप्ता जमतोय ना?"

त्याचा दोष नाही. आपण सगळे असंच करतो. होडी घेताना फायबरची जाडी ठोकून बघतो, जाळं घेताना आस न् आस तपासतो, बाजारात कटल्याच्या दरावरून दोन रुपयांसाठी तासभर भांडतो. आणि आयुष्यातलं सगळ्यात मोठं कर्ज घेताना एकच प्रश्न विचारून सही करतो. आज त्यावर थोडं लिहितो. हिशेब आहे, पण सोपा आहे, शेवटपर्यंत वाचा.

दहा लाखांचे किती होतात

त्या पोराचंच उदाहरण घेऊ. कर्ज 10 लाख, व्याज 9 टक्के, मुदत 20 वर्षं. हप्ता 8,997 रुपये. असे 240 हप्ते. एकूण भरणा सुमारे 21 लाख 59 हजार. म्हणजे घर एक, पैसे दोन घरांचे. नुसतं व्याजच 11 लाख 59 हजार.

जुन्या काळी 'दामदुपट' म्हणून एक दंडक होता. मुद्दलापेक्षा जास्त व्याज सावकाराला एका वेळी वसूल करता येत नसे. मुंबई इलाख्यातली कोर्टंही तो नियम मानत. आजच्या बँकेच्या हप्त्याच्या कर्जाला तो लागत नाही. बँक लबाडी करते असं मी म्हणत नाही. व्याज उरलेल्या मुद्दलावरच लागतं, पण वर्षं लांबली की ते साचत जातं.

मुदतीचा फरक बघा. कर्ज तेच 10 लाख, व्याज तेच 9 टक्के.

▪ 10 वर्षं: हप्ता 12,668, व्याज 5 लाख 20 हजार
▪ 15 वर्षं: हप्ता 10,143, व्याज 8 लाख 26 हजार
▪ 20 वर्षं: हप्ता 8,997, व्याज 11 लाख 59 हजार
▪ 30 वर्षं: हप्ता 8,046, व्याज 18 लाख 97 हजार

वीसचे तीस केले की हप्ता महिन्याला 951 रुपयांनी हलका होतो. त्या 951 रुपयांपायी 7 लाख 37 हजार जास्त जातात. एवढ्यात आपल्याकडे इंजिनासकट होडी येते आणि वर पैसे उरतात.

पहिली वर्षं कुठे जातात

पहिल्या हप्त्याच्या 8,997 मधले 7,500 व्याजात जातात. मुद्दलातून फिटतात 1,497. पहिल्या अख्ख्या वर्षात तुम्ही जवळपास 1 लाख 8 हजार भरता आणि कर्ज कमी होतं फक्त 18,700 ने. पाच वर्षांनी 5 लाख 40 हजार भरून झालेले असतात, तरी बाकी 8 लाख 87 हजार. मुद्दल निम्म्यावर यायला 14 वर्षं लागतात.

म्हणून कोणी सांगतं, "पाच वर्षं भरतोय, कर्ज हलतच नाही," तेव्हा तो खोटं बोलत नसतो.

व्याजदर वाढला तर

बहुतेक होम लोन बदलत्या दराचं असतं. मे 2022 ते फेब्रुवारी 2023 या काळात रिझर्व्ह बँकेचा रेपो दर 4 वरून 6.5 टक्क्यांवर गेला. 2021 मध्ये 7 टक्क्यांनी 20 वर्षांसाठी 10 लाख घेतलेल्याचा हप्ता 7,753 होता. समजा त्याची बाकी 9 लाख 65 हजार असताना त्याचा दर 9.5 टक्के झाला. महिन्याचं व्याज झालं 7,640. हप्ता तोच ठेवला, तर मुद्दलात जाणार 113 रुपये. या चालीने कर्ज फिटायला चाळीस वर्षांच्या वर लागतात. हप्ता वाढला नाही म्हणून माणूस निवांत, आणि तिकडे मुदत गुपचूप लांबत जाते. असं बऱ्याच घरांत झालं.

त्यामुळे ऑगस्ट 2023 मध्ये रिझर्व्ह बँकेने नियम काढला. दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हे कर्जदाराला निवडू द्यायचं. मुदत इतकी ताणायची नाही की हप्त्यातून व्याजही भागणार नाही. दर तीन महिन्यांनी हिशेब द्यायचा: आजवर किती मुद्दल, किती व्याज, किती हप्ते बाकी. तो कागद येतो का बघा. येत नसेल तर शाखेत जाऊन मागा. 2025 मध्ये दर परत खाली आले. अशा वेळी हप्ता कमी करून घेऊ नका, तोच ठेवा आणि मुदत कमी करायला सांगा.

आपला धंदा पगाराचा नाही

आता माझं खरं म्हणणं सांगतो. हप्त्याची ही पद्धत एक तारखेला पगार येणाऱ्या माणसासाठी बेतलेली आहे. आपल्याला एक तारीख नाही. कारंजा असो, मांजरा असो, नाहीतर कलबुर्गीकडे भीमा आणि अमरजा, पावसाळ्यात पाणी गढूळ, वारा जोराचा, मासा अंड्यावर. ते महिने कोरडेच जातात. पाऊस दगा देऊन गेला की तलावच आटतो. हप्ता मात्र आषाढातही पाच तारखेला कापतात.

मग आपण काय करतो? व्यापाऱ्याकडून उचल घेतो. समजा जुलैत 30 हजार उचलले. त्याच्या बदल्यात सीझनला मासा त्यालाच, किलोमागे 10 रुपये कमी दराने. 600 किलो घातला की 6 हजार गेले. चार महिन्यांच्या 30 हजारांवर 6 हजार, म्हणजे वर्षाला 60 टक्के. कागदावर घराचं कर्ज 9 टक्क्यांचं, पण हप्ता उचलीतून भरला तर ते 9 टक्क्यांचं राहिलं का? हा खर्च बँकेच्या कुठल्याच कागदावर दिसत नाही. तो आपल्या माशाच्या दरातून जातो.

उचल टाळायला रस्ता आहे. 2018-19 पासून मच्छीमारांनाही किसान क्रेडिट कार्ड मिळतं. वेळेत फेडलं तर ठरलेल्या मर्यादेपर्यंत 4 टक्क्यांनी पडतं. पण ते जाळं, बीज, डिझेल यासाठी आहे. त्यातले पैसे घराच्या स्लॅबला घालू नका. धंद्याचे पैसे घरात अडकले की पुढच्या सीझनला परत व्यापाऱ्याच्या दारात जावं लागतं.

पण सीझन आपल्या बाजूचा आहे

पगारदाराला एकरकमी पैसा क्वचित दिसतो. आपल्याला चांगल्या सीझनला दिसतो. तिथेच आपला फायदा आहे.

त्याच 10 लाखांच्या कर्जात हप्ता चालू ठेवून दरवर्षी फक्त 20 हजार जादा मुद्दलात भरले, तर 20 वर्षांचं कर्ज 14 वर्षांच्या आत संपतं. जादा भरले 2 लाख 60 हजार, व्याजात वाचले सुमारे 4 लाख. दरवर्षी 40 हजार जमले, तर 11 वर्षांत कागद हातात येतो आणि सुमारे 5 लाख 84 हजार वाचतात.

आणि लवकर भरा. पहिल्या वर्षाअखेरीस 50 हजार जादा भरले तर सुमारे 1 लाख 98 हजार व्याज वाचतं. तेच 50 हजार पंधराव्या वर्षी भरले तर वाचतात 26 हजार. पोरांच्या लग्नानंतर बघू म्हणणाऱ्यांनी हे दोन आकडे लक्षात ठेवावेत.

व्यक्तीने घेतलेल्या बदलत्या दराच्या घरकर्जावर मुदतीआधी फेडल्याचा दंड घेता येत नाही. 2025 मध्ये रिझर्व्ह बँकेने याचे निर्देश काढले. 1 जानेवारी 2026 पासून मंजूर होणाऱ्या कर्जांना ते लागू आहेत, सहकारी बँकांनाही. कर्ज ठरलेल्या, न बदलणाऱ्या दराचं असेल तर मात्र आधी विचारा. आणि पैसे भरताना लिहून द्या: "ही रक्कम मुद्दलात जमा करावी, हप्ता तोच ठेवून मुदत कमी करावी."

मग हप्ता मोठा घ्यावा का?

नाही. इथे माझं मत काही जणांना पटणार नाही. "दहा वर्षांचंच घ्या, व्याज वाचवा" असं सांगणारे भेटतात. पगारदाराला ते ठीक. आपण 12,668 चा हप्ता बांधून घेतला आणि दोन महिने पाण्याने साथ दिली नाही, तर? 90 दिवस थकलं की खातं बुडीत धरतात. मग 2002 च्या सरफेसी कायद्याखाली 60 दिवसांची नोटीस देऊन घराचा ताबा घ्यायची वाट बँकेला मोकळी होते.

म्हणून हप्ता वाईट महिन्याला पेलेल एवढाच बांधा, आणि चांगल्या सीझनला जादा भरा. क्रम असा ठेवा: आधी तीन-चार हप्त्यांची रक्कम बाजूला, मग उचल आणि महागडी कर्जं मोकळी, मग घराच्या मुद्दलात. होडी-जाळ्याची दुरुस्ती रोखून मुद्दलात भरू नका. हप्ता भरणारी तीच आहे.

कोणी म्हणेल, वीस वर्षांनी रुपयाची किंमत कमी होते, शिवाय भालकी-बसवकल्याणला जागेचे भाव वाढतातच. खरं आहे. भाड्याने राहणाऱ्याचं भाडंही वाचतं. कर्ज काढून घर बांधणं चूक आहे असं मी म्हणतच नाही. कुडाच्या घरात पोरं वाढवायची हौस कोणाला नसते. पण राहतं घर विकून कोणी फायदा काढत नाही, आणि व्याज मात्र दरमहा रोख द्यावं लागतं.

सही करण्याआधी

1. 'की फॅक्ट स्टेटमेंट' मागा. 1 ऑक्टोबर 2024 पासून ते द्यावंच लागतं. त्यात सगळा खर्च धरून वर्षाचा खरा दर आणि हप्त्यांचं पूर्ण कोष्टक असतं. त्यात नसलेला आकार तुमच्या संमतीशिवाय लावता येत नाही.

2. ते कर्जदाराला समजेल अशा भाषेत असावं, असा नियम आहे. आपल्या भागात कागद इंग्रजीत नाहीतर कन्नडमध्ये येतो आणि आपण मान डोलावतो. मराठीत मागा. तो नीट समजावून सांगणं हेही त्यांच्यावर बंधनकारक आहे. विचार करायला किमान तीन कामाचे दिवस मिळतात. "आजच सही करा" म्हणणाऱ्याला हे सांगा.

3. विमा. घरकर्त्याचा विमा हवाच, पण एकरकमी हप्ता कर्जात मिळवू देऊ नका. 40 हजारांचा विमा 9 टक्क्यांनी 20 वर्षं फेडला तर 86 हजार जातात. दरवर्षी भरायचा साधा मुदतीचा विमा वेगळा विचारून बघा.

4. कर्ज कमीच काढा. गावात घर असेल तर आधी ग्रामपंचायतीत ई-स्वत्तूचे नमुना 9 आणि 11 नीट करून घ्या. आवास योजनेच्या यादीत नाव बसतंय का तेही बघा. प्रधानमंत्री ग्रामीण आवासात सपाट भागात 1 लाख 20 हजार मिळतात. न घेतलेल्या एक लाखाचे 20 वर्षांत 2 लाख 16 हजार वाचतात.

5. कर्ज फिटलं की 30 दिवसांत मूळ कागद परत मिळाले पाहिजेत. बँकेमुळे उशीर झाला तर दिवसाला 5,000 रुपये भरपाईचा नियम डिसेंबर 2023 पासून आहे.

त्या पोराने अजून सही केलेली नाही. परवा संध्याकाळी बायकोला घेऊन आला. हिशेब तिनेच वहीत मांडला. दहाऐवजी आठ लाख काढायचे, वरचा मजला नंतर, आणि दिवाळीनंतरचा पहिला मोठा पैसा मुद्दलात, असं दोघांचं ठरलं. आठ लाखांना हप्ता 7,198 बसतो. मामा बाजूलाच होते. या वेळी त्यांनी हप्ता विचारला नाही. "एकूण किती होतंय रे?" म्हणाले.

ज्यांचं कर्ज चालू आहे त्यांनी बँकेचा तिमाही हिशेब घेऊन यावं. सोसायटीच्या पुढच्या बैठकीनंतर बसून एकेकाचं कोष्टक काढू. घरातल्या बाईला बरोबर आणा, कारण हप्त्याची तारीख तिला पाठ असते. आणि नवीन कर्ज घेणाऱ्यांनी सही करायच्या आधी या, नंतर नको.