खेळ विकत, मालकी उसनी

आपल्या वार्षिक अंकात पाऊस, आई, गावाकडची यात्रा आणि 'आजच्या तरुणापुढील आव्हाने' हे विषय दरवर्षी ठरलेले असतात. त्या पंगतीत कॉम्प्युटरवरचा गेम आणून बसवला तर काही प्राध्यापकांच्या भुवया वर जातील, हे मला ठाऊक आहे. पण माझा प्रश्न खेळाचा नाही, खरेदीचा आहे. आणि ज्या घरात पै-पैचा हिशेब होतो त्या घरात खरेदीइतका गंभीर विषय दुसरा नसतो. पूर्ण किंमत मोजून एखादी वस्तू घेतली, ती काही कारणाने आपल्याजवळून गेली, आणि ती परत मिळवायला दुकानदाराची परवानगी लागली, तर त्या व्यवहाराला खरेदी म्हणावे काय? माझ्या मते म्हणू नये. आणि म्हणायचेच असेल तर दुकानदाराने त्या शब्दाला शोभेल असे वागावे.

ज्यांना हा बाजार परिचयाचा नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगतो. पूर्वी गेम सीडीवर मिळत. सीडी आणायची, मशीनमध्ये घालायची, गेम 'टाकून' घ्यायचा. अमेरिकेतील व्हॉल्व्ह कंपनीने सप्टेंबर २००३ मध्ये 'स्टीम' नावाची सोय सुरू केली. पुढल्या वर्षी नोव्हेंबरात तिचा 'हाफ-लाइफ २' हा गेम आला, तेव्हा ज्याने दुकानातून सीडी आणली होती त्यालाही स्टीमवर खाते उघडावे लागले. लोकांनी बोटे मोडली, मग सवय झाली. आज कॉम्प्युटरवरचे बहुतेक गेम अशाच दुकानांतून घेतले जातात. पैसे फोनवरून भरायचे आणि गेम इंटरनेटवरून उतरवून घ्यायचा. हातात काही येत नाही. खात्यात एक नाव वाढते, एवढेच.

आमच्या घरी एक जुना, दुसऱ्याकडून घेतलेला कॉम्प्युटर आहे. वडील तुर्भ्याच्या कांदा-बटाटा मार्केटात माथाडी आहेत; घरात बारावीच्या पुढे गेलेला मी पहिलाच. दोन मुलांच्या शिकवण्या घेऊन जे मिळते त्यातून दोन वर्षांत मी अकरा गेम घेतले, बहुतेक सेलमध्ये, भाव उतरल्यावर. गेल्या पावसाळ्यात कॉम्प्युटरची हार्ड डिस्क उडाली. नवी बसवली, विंडोज टाकली, आणि अकराही गेम पुन्हा टाकायला बसलो. या 'पुन्हा टाकण्या'तच मला सगळा व्यवहार उघडा दिसला. प्रथम घेताना आपण किमतीकडे पाहतो. दुसऱ्यांदा घेताना अटी दिसतात.

अटी कोणत्या? पहिली, इंटरनेट पाहिजे. आमच्या घरी तार ओढलेली नाही. मोबाइलचा दिवसाला दीड जीबीचा पॅक, त्याच्यावर सगळे कुटुंब. ४२ जीबीचा एक गेम उतरवायचा तर कोणी दुसरे काही न बघता अठ्ठावीस दिवस लागतात. स्टीमच्या सेटिंगमध्ये कुठल्या शहरातून डाउनलोड करायचे ते निवडता येते आणि त्या यादीत मुंबईचेही नाव आहे. शिवाय ऐरोली, रबाळे, महापे या पट्ट्यात डेटा सेंटरच्या बिनखिडक्यांच्या इमारती आम्ही रोज बसमधून पाहतो. सारे कसे हाकेच्या अंतरावर! तरी अठ्ठावीस दिवस. शेवटी मशीन पिशवीत घालून कामोठ्याला मावशीकडे नेले आणि दोन रात्री तिच्या वायफायवर काढल्या. दुसरी अट, खात्यात शिरताना ईमेलवर किंवा फोनवर येणारा संकेतांक पाहिजे. म्हणजे तो ईमेल आणि तो फोन अजून आपल्याकडे असला पाहिजे. तिसरी अट मोठी आहे. दुकान उघडे पाहिजे, आणि त्याची आपल्यावर मर्जी पाहिजे. इंटरनेटशिवाय खेळण्याची सोय स्टीमवर आहे, नाही असे नाही. पण नव्याने विंडोज टाकलेल्या मशीनवर एकदा तरी दारातून आत जाऊन आपली ओळख पटवावी लागतेच.

येथे न्यायाने बोलले पाहिजे. जुने सगळे सोने होते असे मानणाऱ्यांपैकी मी नाही. सीडीवर ओरखडा पडला की पैसे पाण्यात. मागच्या पाकिटावर छापलेला आकड्यांचा कोड हरवला की सीडी असून नसल्यासारखी. २००८ साली आलेल्या 'स्पोर' या गेममध्ये तर कंपनीने तीनदाच इन्स्टॉल करण्याची मर्यादा घातली होती. ओरडा झाल्यावर ती पाचावर नेली. त्या मानाने स्टीमवर एकच गेम शंभरदा टाका, कोणी मोजत नाही. विक्रीतून काढलेला गेमसुद्धा ज्याने आधी घेतला त्याला बहुधा उतरवता येतो. माझे अकराही गेम परत आले. तक्रार नाही. पण परत आले ते हक्काने की कृपेने, हा प्रश्न उरतो.

उत्तर खुद्द करारातच आहे. स्टीमच्या करारात आपल्याला 'सबस्क्रायबर' म्हटले आहे, म्हणजे वर्गणीदार. खाते विकता येत नाही, दुसऱ्याच्या नावावर करता येत नाही. दुकानाच्या बटणावर 'खरेदी' आणि कराराच्या कागदात 'वर्गणी'! हे मी एका रात्री जेवताना आण्णांना सांगितले. त्यांची सारी हयात गोणी उचलण्यात गेली. गोणी गाळ्यातून निघून टेम्पोत पडली की तिच्यावर व्यापाऱ्याचा हक्क संपला, हे त्यांचे अर्थशास्त्र. ते घास हातात धरून म्हणाले, "म्हंजे पावती आपली आन् माल त्येंचा?" मी द्वितीय वर्षाचे अर्थशास्त्राचे पुस्तक शोधले, याहून नेमकी व्याख्या मला तेथे सापडली नाही.

नव्या मुंबईकरांना ही गोष्ट खरे तर लवकर कळावी. १९७० साली सिडको स्थापन झाली, आणि तिने येथले भूखंड साठ वर्षांच्या भाडेपट्ट्याने दिले. घर 'घेतले' म्हणून पेढे वाटलेल्या किती कुटुंबांनी पुढे ते घर विकताना ना-हरकत दाखल्यासाठी आणि हस्तांतर शुल्कासाठी खेटे घातले असतील! पण भाडेपट्ट्यात निदान वर्षे लिहिलेली असतात. साठ म्हणजे साठ. माणूस त्याप्रमाणे मनाची तयारी करतो. गेमच्या परवान्यावर मुदतच नसते. ती आजन्म असू शकते, किंवा पुढच्या महिन्यापर्यंत.

पुढच्या महिन्यापर्यंत म्हणजे अतिशयोक्ती वाटेल. म्हणून 'द क्रू'चे उदाहरण घ्या. युबीसॉफ्ट या फ्रेंच कंपनीचा मोटारींच्या शर्यतीचा हा गेम २०१४ मध्ये आला. (याच कंपनीने २००८ मध्ये पुण्यात स्टुडिओ घेतला, त्यामुळे ती आपल्याला अगदीच परकी नाही.) एकट्याने खेळतानाही तो कंपनीच्या सर्व्हरशी जोडलेला लागे. डिसेंबर २०२३ मध्ये त्याची विक्री थांबली आणि ३१ मार्च २०२४ रोजी सर्व्हर बंद झाले. पैसे मोजून घेतलेला गेम त्या दिवसापासून कोणालाही खेळता येईना. फाइली डिस्कवर असोत वा पुन्हा उतरवलेल्या असोत, उपयोग शून्य. त्यावरून 'स्टॉप किलिंग गेम्स' ही चळवळ उभी राहिली आणि जुलै २०२५ मध्ये युरोपातील नागरिकांच्या अधिकृत याचिकेवर दहा लाखांहून अधिक सह्या झाल्या. मागणी साधी आहे: दुकान बंद करायचे तर करा, पण ज्यांनी पैसे दिले त्यांना गेम चालवता येईल अशा अवस्थेत सोडून जा.

दुसरे उदाहरण आमच्यासारख्यांच्या अधिक जवळचे आहे. १ जानेवारी २०२४ पासून स्टीमने विंडोज ७, ८ आणि ८.१ यांचा आधार काढून घेतला. एक्सपी आणि व्हिस्टाचा त्याआधीच, २०१९ च्या पहिल्या दिवशी. सुरक्षेची कारणे खरी असतील, मी ती नाकारत नाही. पण २००४ सालचा गेम २०१० सालच्या मशीनवर आनंदाने चालतो. गेम जुना, यंत्र जुने, दोघांचे जमते. मधल्या दलालाचे जमत नाही. नवे मशीन घेणे ज्यांना जमते त्यांना ही अडचण दिसतही नाही. जुन्यावर भागवणाऱ्यालाच ती दिसते, आणि तो कराराचे कागद सहसा वाचत नाही.

आता वर्गातल्या मित्रांकडे वळतो. मी अकरा गेम 'विकत' घेतले हे कळल्यावर त्यांनी मला मनसोक्त हसून घेतले. "अरे, क्रॅक टाक ना!" हा त्यांचा सल्ला. त्यांचे गेम पेनड्राइव्हवर असतात. हार्ड डिस्क उडाली तर ते पेनड्राइव्ह लावतात, अर्ध्या तासात काम संपते. कोणाला विचारणे नाही, संकेतांक नाही, कामोठ्याची वारी नाही. व्हायरस येतो तो वेगळा. म्हणजे चोरीच्या मालावर चोराची पक्की मालकी, आणि पैसे भरणारा मात्र वर्गणीदार! ही उलटी व्यवस्था मला सर्वांत अधिक बोचते. मी तरीही विकतच घेणार, कारण गेम बनवणारा हाही मजूरच आहे. पुण्याच्या नॉडिंग हेड्स गेम्स या लहानशा चमूने 'राजी: ॲन एन्शंट एपिक' हा गेम केला. २०१७ मध्ये त्यांनी लोकवर्गणीचा प्रयत्न केला, तो फसला. तरी नेट सोडला नाही आणि २०२० मध्ये गेम आला. भावाच्या शोधात निघालेली मुलगी, पाठीशी दुर्गा, समोर असुर. असल्या कामाचे पैसे बुडवायला माझा हात धजत नाही. पण प्रामाणिकपणाला निदान चोरीइतकी तरी सोय मिळावी, ही अपेक्षा अवास्तव आहे काय?

असे करता येते, हे सिद्धही झाले आहे. २००८ साली पोलंडमध्ये सुरू झालेले 'जीओजी' हे दुकान गेमची इन्स्टॉल करण्याची पूर्ण फाइल हाती देते. ती आपल्या डिस्कवर ठेवा. उद्या दुकान बुडाले तरी गेम टाकता येतो. स्टीमवरही काही गेम असे आहेत की त्यांचा फोल्डर उचलून दुसरीकडे ठेवला तरी चालतात. ते बनवणाऱ्याच्या इच्छेवर आहे. कॅलिफोर्नियाने २०२४ मध्ये कायदा केला आणि तो १ जानेवारी २०२५ पासून लागू झाला: परवानाच देत असाल तर तसे ठळक सांगितल्याखेरीज 'खरेदी' हा शब्द वापरायचा नाही. कायमची उतरवून ठेवता येणारी वस्तू त्यातून वगळली आहे. म्हणून स्टीमने ऑक्टोबर २०२४ पासून पैसे भरण्याच्या पानावर, तुम्हाला परवाना मिळतो आहे, अशी ओळ घातली. ही ओळ म्हणजे फार मोठी क्रांती नव्हे. पण खोटे बोलणे थांबले, हे काही थोडे नाही.

आपल्याकडे काय आहे? १९५७ च्या कॉपीराइट कायद्याच्या कलम ५२ मध्ये संगणक-प्रणालीची प्रत ज्याच्याकडे कायदेशीरपणे आहे त्याला ती नष्ट होण्यापासून संरक्षण म्हणून जादा प्रत काढून ठेवण्याची मुभा आहे. कायदा म्हणतो, प्रत काढ. प्रत म्हणते, आधी दुकानाला विचार. २०१९ च्या ग्राहक संरक्षण कायद्यात दिशाभूल करणाऱ्या जाहिरातींविरुद्ध तरतूद आहे. 'खरेदी' हे बटण त्या व्याख्येत बसते की नाही, हे कोणीतरी विचारून पाहायला हवे.

प्राध्यापक मंडळींनी हे पोरांचे दुखणे म्हणून सोडून देऊ नये. जुलै २००९ मध्ये ॲमेझॉनने ग्राहकांच्या किंडलवरून विकलेली पुस्तके परस्पर काढून घेतली, पैसे परत केले. आणि ती पुस्तके होती जॉर्ज ऑर्वेलची! आपल्या ग्रंथालयातील छापील पुस्तक मी हरवले तर दंड भरतो, पण ते पुस्तक ग्रंथालयाचेच असते. वर्गणीने वाचायला मिळणाऱ्या ई-पुस्तकांचे तसे नाही. वर्गणी थांबली की कपाट रिकामे.

तोवर स्वतःपुरते मी एक केले आहे. स्टीमच्या 'स्टीमॲप्स' नावाच्या फोल्डरची नक्कल बाहेरच्या डिस्कवर काढून ठेवली आहे. पुन्हा टाकताना ती जागेवर ठेवली की प्रणाली फाइली तपासते आणि कमी असेल तेवढेच उतरवते. अठ्ठावीस दिवस वाचतात. परवानगीचा प्रश्न मात्र तसाच राहतो, आणि तो एकट्याने सुटणारा नाही. २४ डिसेंबर हा राष्ट्रीय ग्राहक दिन. दरवर्षी आपल्याकडे त्या दिवशी भेसळीवर व्याख्यान होते आणि दुधाचा नमुना दाखवतात. यंदा वादविवादासाठी 'डिजिटल वस्तूवर ग्राहकाची मालकी असावी' हा विषय ठेवावा, अशी चिठ्ठी मी सूचनापेटीत टाकली आहे. अनुकूल बाजूने माझे नाव लिहून घ्यावे. प्रतिकूल बाजूला कोणी मिळाले नाही, तर क्रॅकवाले मित्र आहेतच. त्यांना या प्रश्नाची झळ नाही, त्यामुळे ते निर्विकारपणे बोलतील.