दिवा आपला, डोळे समोरच्याचे

संध्याकाळचा कार्यक्रम संपला की शाळेच्या फाटकापाशी गाड्यांचे दिवे लागतात आणि रस्ता ओलांडणाऱ्या मुलांचे डोळे दिपतात. म्हणून पालकांशी या दिव्यांविषयी थोडे बोलावेसे वाटते.

हॅलोजन बल्बमध्ये टंगस्टनची तार तापून पिवळसर प्रकाश देते. नेहमीच्या एच-४ बल्बमध्ये अशा दोन तारा असतात : अप्परची ६० वॉटची, डिपरची ५५ वॉटची. झेनॉन दिव्यात तार नसते. दोन टोकांमध्ये विजेची कमान पेटते आणि ३५ वॉटमध्येच जास्त प्रकाश मिळतो. एलईडी कमी विजेत चालते व दीर्घकाळ टिकते.

मग हॅलोजनच्या जागी बाजारातला पांढराशुभ्र एलईडी बल्ब बसवला तर बिघडले कुठे? दिव्यातला आरसा तारेच्या नेमक्या जागेनुसार घडवलेला असतो. प्रकाश थोड्या वेगळ्या जागेतून निघाला, तर डिपर असूनही तो फाकतो व समोरच्याच्या डोळ्यांत जातो.

आमचे मत स्पष्ट आहे. गाडीला मूळचा ज्या प्रकारचा बल्ब आहे तोच ठेवावा, दिव्याची काच पुसावी आणि शाळेजवळ डिपरच लावावा. आपल्याला दूरचे दिसावे हे खरे. पण समोरून चालत येणाऱ्या मुलालाही पायाखालचा रस्ता दिसला पाहिजे.