मातृत्वानंतरची कारकीर्द

वेल्समधील कार्डिफ शहरात, मेंडी येथे १९५१ साली खुल्या झालेल्या सार्वजनिक ट्रॅकवर लहानपणी सायकल हाकू लागलेली एलिनॉर बार्कर २०१३ साली, वयाच्या अवघ्या अठराव्या वर्षी, सांघिक पाठलागाच्या शर्यतीत जगज्जेती झाली आणि २०१६ साली रिओ येथे त्याच शर्यतीत तिने ऑलिंपिक सुवर्णपदकही संपादन केले. तिची कारकीर्द तेथेच संपती, तरी ती यशस्वीच गणली गेली असती. परंतु मला तिचे खरे थोरपण त्यानंतरच्या पर्वात दिसते.

२०२१ साली टोकियो ऑलिंपिकमध्ये ब्रिटिश संघाने रौप्यपदक मिळविले, तेव्हा त्या संघातील बार्कर गर्भवती होती. एंडोमेट्रिऑसिस या क्लेशदायक व्याधीने ती त्याआधीच ग्रासलेली होती आणि ज्या विषयावर स्त्रिया संकोचाने मौन धरतात, त्यावर ती उघडपणे बोललीही होती. मार्च २०२२ मध्ये तिला पुत्रप्राप्ती झाली. अशा वेळी स्त्री खेळाडूची रवानगी निवृत्तांच्या यादीत करण्याची घाई समाजालाही होते आणि संघटनांच्या दफ्तरांनाही. पुरुष खेळाडू पिता झाल्यावर मात्र हा प्रश्न कोणाच्या मनालाही शिवत नाही.

बार्कर मात्र थांबली नाही. २०२३ साली ग्लासगोच्या जागतिक स्पर्धेत ती सांघिक पाठलागात तर जिंकलीच, पण नीआ एव्हान्सच्या साथीने मॅडिसन शर्यतही तिने जिंकली. या शर्यतीत जोडीतील एक जणी ट्रॅकवर जिवाच्या आकांताने झुंजत असताना दुसरी ट्रॅकच्या उताराच्या वरच्या कडेने संथपणे फिरत दम घेते. मग भरधाव वेगातच दोघी एकमेकींचा हात पकडतात आणि दमलेली आपला सारा वेग त्या एका हिसक्यात साथीदाराच्या स्वाधीन करते. सभोवती इतर जोड्यांचीही हीच धांदल चालू असते आणि क्षणाची चूक साऱ्याच घोळक्याला आडवे करू शकते. असे तीस किलोमीटर, एकशेवीस फेऱ्या! माता झाल्यानंतर दीड वर्षाच्या आत तिने हे साध्य केले.

याचे श्रेय तिच्या जिद्दीला आहेच. पण केवळ जिद्दीचे गोडवे गाऊन थांबणे मला अन्यायाचे वाटते. ती गर्भवती असतानाच उनो-एक्स या नॉर्वेच्या संघाने तिच्याशी करार केला, आणि आंतरराष्ट्रीय सायकलिंग महासंघाने अग्रश्रेणीच्या महिला संघांसाठी किमान वेतन व प्रसूती रजेची तरतूद २०२० पासूनच लागू केलेली होती. कराराची अशी हमी नसेल, तर किती गुणी मुलींना खेळ आणि अपत्य यांपैकी एकावर पाणी सोडावे लागत असेल, याचा हिशेब कोणत्याही दफ्तरी सापडणार नाही. पुढे २०२४ साली पॅरिस ऑलिंपिकमध्ये बार्करने आणखी एक रौप्य आणि एक कांस्यपदक मिळविले. म्हणूनच खेळाडूंचे करार लिहिणाऱ्या सर्व संघटनांनी, आपल्याकडील संघटनांनीसुद्धा, प्रसूतीच्या रजेचे आणि त्या मुदतीतील वेतनाचे कलम त्यात स्पष्ट शब्दांत घालावे, अशी माझी आग्रहाची विनंती आहे.